तिकीट खिडकीखालची विहीर

बाळांनो, फोनवर तुम्ही विचारलंत, "आजी, स्टेशनच्या पाटीवरचा इतिहास तूच लिहिलास ना?" हो, पण पाटीवर तो पुरा नाही. राहिलेलं क्रमाने सांगते.

महाडजवळच्या आमच्या छोट्या स्टेशनवर इतिहासाची पाटी लावायचं ठरलं, तेव्हा तिथल्या समितीला इंग्रजीची निवृत्त शिक्षिका म्हणून मी आठवले. सहा ओळी, एकेका ओळीत एक वाक्य, मराठीत आणि इंग्रजीत. दुखरे गुडघे घेऊन पोलादपूरहून तीनदा गेले. रूळ येण्याआधीची तिथली जागा नीट आठवणारी मला एकच बाई भेटली. शेजारच्या बौद्धवाडीतली, माझ्याहून मोठी. स्टेशनाबाहेर करवंदं विकते.

"बाई, तिकिटाची खिडकी हाय ना, तिथं आमची विहीर व्हती. सासऱ्यांनी नि दिरांनी खणलेली. कुणाच्या पाण्यावर जायला नको म्हणून. रूळ आले, बुजवली. मागनं नळ दिला. नळ चांगला हाय, पण विहीर लिवा."

लिहिली. समितीने जागा नाही म्हणून नेमकी तीच ओळ काढली आणि तिथे गाड्यांची माहिती घातली. मी दोन पत्रं पाठवली. उत्तर आलं नाही. मग थकले आणि गप्प बसले.

पाटी लागल्यावर गेले, तर ती बाई टोपली घेऊन समोरच.

"वाचा की बाई. मला कुठं येतंय?"

मी वाचू लागले. तिसऱ्या ओळीनंतर विहिरीचं वाक्य तोंडपाठ म्हटलं आणि पुढे गेले. जन्मभर मुलींना सांगत आले, समोर आहे तेच वाचा.

ती पाटीकडे बघत राहिली. "वळी सहाच हायत, बाई. तुमी सात येळा थांबलात."

मी चष्मा काढून पदराने पुसू लागले.

"वाचता येत नाय, मोजता येतं," ती हसली. "नाय ना घेतली विहीर?"

"नाही, मावशी."

"मग पुन्हा लिवा त्यांना. इचारायला आले तर सांगायला मी हाय अजून. मागनं कोण सांगणार?"

टोपली उचलून ती गाडीकडे गेली.

तिसरं पत्र आज टाकलं. मला फारशी आशा नाही. पण तुम्ही आलात, तर तिकिटाच्या खिडकीशी उभं राहून तिलाच विचारा. जरा लवकर या.