वरचा एक पाउंड

ती घटना आजही आठवली की मला माझाच राग येतो.

दोन हजार पाचच्या सुमाराची गोष्ट. इंग्लंडात रीडिंग शहराच्या पोलीस ठाण्यात मी सार्जंट होतो. एका दुकानदाराने फोन केला, एक भारतीय तरुण खोटी नोट चालवतोय. आणला त्याला. पुण्याचा सॉफ्टवेअरवाला, वर्क व्हिसावर आलेला, घरी तान्ही मुलगी. नोटेवर एका बाजूला इंग्रजीत 'एक पाउंड', दुसऱ्या बाजूला अरबी.

"मला वाटलं स्कॉटलंडची असेल, मागची बाजू पाहिलीच नाही," तो म्हणाला. हे पटण्यासारखं होतं. इंग्लंडात एक पाउंडची नोट केव्हाच बंद झाली, पण ग्लासगोहून येणाऱ्यांकडे ती दिसायची. मात्र "दिली कोणी?" विचारलं की तोंडाला कुलूप.

"व्हिसा गेला तरी चालेल, नाव नाही सांगणार."

भामटा दुसऱ्याचं नाव पटकन सांगतो, हा माझा अनुभव. हा कुणाला तरी पाठीशी घालत होता. जबाबाची टेप चालू ठेवून मी मराठीत विचारलं, "मुलीचं बारसं झालं का?"

"गेल्या रविवारी."

"पाकिटात एकावन्न होते ना?"

त्याने मान खाली घातली. माझ्या गोऱ्या सहकाऱ्याला हा वरचा एक कुठून कळणार!

"वॉटफर्डच्या काकूंनी दिले. म्हाताऱ्या आहेत हो, त्यांना ठाण्यात आणू नका."

जुन्या नोटांच्या एका जाणकाराला मी नोट दाखवली. नोट अस्सल होती, लिबियाची. स्वतंत्र झाल्यावर त्या देशाने स्वतःचा पाउंड काढला, ब्रिटिश पाउंडाच्या बरोबरीचा. पुढे राजाची सत्ता उलथली आणि एकाहत्तर साली पाउंड जाऊन दिनार आला.

मग मीच काकूंच्या घरी गेलो, तर तिथे अशा नोटांचा डबाच होता. यजमान साठच्या दशकात त्रिपोलीला रस्त्यांच्या कामावर इंजिनियर होते. "हे म्हणायचे, इंग्रजांच्या पाउंडाइतकाच आहे हा. म्हणून शुभकार्यात वरचा एक मी यातलाच घालते."

"काकू, ही आता रद्दी आहे," मी म्हणालो.

त्यांनी डब्याचं झाकण लावलं.

तरुण निर्दोष सुटला, नोट त्याला परत दिली. "काकूंना सांगा, लेकीसाठी जपून ठेवणार आहे," तो म्हणाला. आठवड्याने हा निरोप सांगायला काकूंकडे गेलो, तर डबा रिकामा.

"कौन्सिलच्या कागदाच्या कचरापेटीत टाकल्या," काकू म्हणाल्या. "तुम्हीच म्हणालात ना, रद्दी?"

मी खरं तेच बोललो होतो. पण खरं बोलतानाही समोर कोण आहे ते बघावं, ही अक्कल मला नोकरीच्या शेवटी शेवटी आली. निरोप मात्र दिला. काकूंनी दोनदा विचारलं, "एक तरी आहे ना नक्की?"