पुस्तकावरचं बोट

खोलीत शिरले की आधी उजेड कुठे पडतो ते बघायचे आणि त्याच्या बाहेर उभे राहायचे. चहा गार होईपर्यंत कपाला हात लावायचे नाहीत, मग गार झाला म्हणून कुरकुरायचे. दुसरा कोणी बोलत असला की यांचे ओठ हलायचे. तोंडाचा रंग पुसताना डाव्या कानामागचा हटकून राहायचा. मला नावाने कधी हाक मारली नाही. म्हणायचे, "या, पदवीधर."

त्यांना सगळे खांब म्हणत. मी खांबकाका म्हणायचो. नाटक कंपनी त्यांच्या घरचीच. आजोबांनी काढलेली, वडिलांनी गाजवलेली, आता थोरली बहीण चालवत होती. आठव्या वर्षी काकांच्या हातात भाला देऊन त्यांना सिंहासनामागे उभं केलं. तिथे ते सात वर्षं उभे होते. "राजे तीन बदलले, मी तोच," असं सांगायचे. पुढे नोकर झाले, पोस्टमन झाले. मग तेवीस वर्षं तिसऱ्या अंकातले डॉक्टर. वाक्यं अकरा. "बारावं असतं तर रोगी वाचला असता."

कंपनीचं मोठं नाटक एका न्यायाधीशाचं. ती भूमिका वडील करायचे. त्यांच्यानंतर ती बहिणीच्या नवऱ्याकडे, दाजींकडे गेली, कारण त्यांचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जायचा. काकांना ती अक्षर न् अक्षर पाठ होती. कोणी विचारलं नाही, त्यांनीही मागितली नाही.

मी साहित्याची पदवी घेऊन घरी बसलो होतो. कंपनीला प्रॉम्प्टर हवा होता. "वाचता येतं ना? मग पुरे," काकांची बहीण म्हणाली. बाकीचं काकांनी शिकवलं.

"रंगमंचाकडे बघायचं नाही. आम्ही बोलू तसं बोट ओळीवरून सरकलं पाहिजे. नट अडला की सेटवरच्या खिडकीशी येईल, तू विंगेत बसतोस त्या बाजूला. तू शब्द द्यायचास. देशील तो शब्द तो घेणार."

"आणि चुकीचा दिला तर?"

"तरी घेणार. आमच्या घरात पुस्तकावर शंका घेत नाहीत."

मग दाजींची कंबर धरली. रविवारी दुपारचा प्रयोग होता, तिकिटं गेलेली होती. काका तेव्हा एकोणसाठ वर्षांचे होते.

"आज जमलं तर पुढचे सगळे तुझे," बहीण म्हणाली. "नाही जमलं तर डॉक्टर आहेच."

दाजी पलंगावरून म्हणाले, "अरे खांबा, न्यायाधीशाला बसावं लागतं. जमेल ना?"

"बसवलंत तर बसेन, दाजी."

पहिला अंक नीट गेला. दुसऱ्यात मुलगी बापाला विचारते, तुम्ही खोटा निकाल दिलात का? दाजी इथे गरजायचे. काकांनी आवाज खाली आणला. इतका खाली, की प्रेक्षागृहातला खोकलासुद्धा थांबला. मी मान वर केली. एकदाच बघू म्हटलं. मग मान खाली गेलीच नाही. कोणी इतकं खरं बोलताना मी पाहिलं नव्हतं.

काका खिडकीशी आले. पलीकडच्या रंगवलेल्या बागेकडे बघत उभे राहिले. ते थांबलेत ते अडलेत म्हणून, हे मला उशिरा कळलं. पुस्तकात पाहिलं तर बोट कुठेच नव्हतं. दिसली ती ओळ मी दिली. ती चार पानं मागची होती.

त्यांनी ती घेतली. दहा मिनिटं समोर उभ्या असलेल्या मुलीकडे वळून त्यांनी जीव ओतून विचारलं, "तू कधी आलीस?"

मागून एक जण हसला. मग सगळे. मुलीचं काम करणाऱ्या भाचीला काही सुचेना. तिनेही मागचंच उत्तर दिलं आणि प्रवेश पुन्हा पहिल्यापासून फिरला. हशा अंक संपेपर्यंत थांबला नाही.

रंगपटात बहीण म्हणाली, "विसरलास?"

"विसरलो, ताई."

"याने शब्द दिला नाही?"

"दिला. मीच भलतं बोललो."

पुस्तक माझ्या हातात होतं. मी ते मिटलं. उद्या सांगू म्हटलं. पुढचा प्रयोग दाजींनी कमरेला पट्टा बांधून केला. काका तिसऱ्या अंकात आले, अकरा वाक्यं बोलले आणि गेले.

त्यानंतरही ते मला चहाला बोलवायचे. तो विषय त्यांनी काढला नाही. त्यांच्या लक्षातच आलं नसेल, असं मी मनाशी धरून बसलो होतो. तसं धरणं सोयीचं होतं.

पाच महिन्यांनी एका सकाळी दाढी करता करता ते गेले. आठवड्याने मी बहिणीकडे जाऊन सगळं सांगितलं. ती पडद्याच्या दोऱ्या गुंडाळत होती. गुंडाळत राहिली.

"तेव्हा बोलला असतास तर पुढचा प्रयोग त्याला दिला असता," ती म्हणाली. "मला आता सांगून काय उपयोग, बाळा?"



मग तिने कपाटातून एक जाड वही काढून दिली. त्या रविवारनंतर काका नाटकाचं पुस्तक नव्याने उतरवून काढत होते. जुन्यातली अक्षरं पुसट झालीत, वाचणाऱ्याचा दोष नाही, असं तिला सांगितलं होतं म्हणे. अक्षर टपोरं. प्रत्येक ओळीला आकडा. नट जिथे अडेल, तिथे समासात लाल रेघ.

वही पहिल्या अंकातच थांबते. सव्विसाव्या पानावर 'नोकर पाण्याचा पेला घेऊन' एवढं लिहिलेलं आहे.