उजेड मोजताना आबा

कॅमेऱ्याचं काम शिकायला मी पुण्याला गेले, तेव्हा आबा, माझे वडील, दोन वर्षं माझ्याशी बोलले नाहीत. हिंगोलीकडच्या गोरेगावजवळच्या आमच्या गावातल्या मुली फार तर डी.एड. करायच्या. पुढे बोलणं सुरू झालं, पण ते 'जेवलीस का' एवढ्यावरच थांबायचं.

माझा तिसरा सिनेमा आमच्याच माळावर करायचा ठरला. आम्ही जेमतेम बारा जण. आई सगळ्यांना भाकरी करून घालायची. आबा लांबून, मेंढरांजवळूनच बघायचे.

एका सकाळी म्हाताऱ्याची भूमिका करणारे नट अजून तयार होत होते. उजेड जुळवायला त्यांच्या उंचीचं कुणीतरी समोर हवं होतं. मी आबांकडे गेले.

"थोडा वेळ उभे राहता का?"

"मला काय येतं त्यातलं?"

"काही करायचं नाही. फक्त हलू नका."

"मेंढरामागं तेच तर करून राहिलो जन्मभर," म्हणत ते आले आणि काठी टेकून उभे राहिले.

उजेड मोजायचं यंत्र मी त्यांच्या उजव्या गालाजवळ नेलं, तशी पापणी हलली. डावीकडे नेलं, तर हललीच नाही. मी वाकून पाहिलं. बाहुलीवर दुधासारखी साय आली होती.

"आबा, या डोळ्यानं दिसतं ना?"

"उजेड दिसतो."

"कधीपासून?"

"झाले दोन-तीन साल. आईला सांगू नको. उगं तकलीफ."

"झालं का?" दिग्दर्शकानं लांबून हाक दिली. "पाच मिनिटं," मी म्हणाले. मान उन्हाकडे वळवायचं निमित्त करून मी त्यांचा चेहरा दोन्ही हातांत धरला. त्यांनी धरू दिला.

शूटिंग संपल्यावर आबांचा डोळा दाखवायला आम्ही दोघं जीपनं हिंगोलीला निघालो.

"ते गालाजवळ धरून काय पाहत व्हतीस?" त्यांनी वाटेत विचारलं. माझ्या कामाबद्दलचा त्यांचा हा पहिला प्रश्न.

"उजेड किती पडतो ते."

"मंग, किती पडला?"

"भरपूर."

ऑपरेशन नीट झालं. पट्टी निघाल्यावर आम्ही घरी आलो, तसे आबा ओट्यावर बसून आईकडे बघत एकेक डोळा आळीपाळीनं मिटायला लागले.

"तुझं लुगडं निळं हाय का?"

"निळंच हाय. दोन वर्सं झाली नेसून राहिले."

"या जुन्या डोळ्यानं हिरवट दिसतं. अन् त्या नव्यानं निळं."

आई लाजून आत गेली. मी त्यांच्याशेजारी बसले. मग भिंत, कोंबडी, माझा हात असं एकेक दाखवत ते मला रंग सांगत राहिले.