राईच्या उशीतला मुका दगड

झोळी गचके खात होती आणि आवाज कसलाच नाय. मी ठाण्यात, साहेबांच्या टेबलापाशी उभी. दारातून दिसलं, माझ्या पोरीचं डोकं झोळीबाहेर लोंबतंय, कापड गळ्याला आवळलंय, तोंड मोठ्ठं उघडं. रडत होती ती, जीव खाऊन रडत होती. हाकेच्या आत होते मी, तरी मला ऐकू नाय आलं.

पळाले. झोळीपाशी पोचले तर रस्त्यानं चाललेल्या कांद्याच्या ट्रॅक्टरवर वाजणारं गाणंच बंद. "साहेब, धावा!" मी बोंबलले. माझी बोंब मलाच ऐकू आली नाय. कापड सोडवलं, पोरीला घेऊन अंगणात उतरले, तेव्हा कुठं तिचं रडणं फुटलं.

आजही दोरीवर लुगडं हललं की मी हातातलं टाकून पळते.

मी होमगार्ड होते. दहावी कशीबशी झालेली. नांदगावकडच्या ठाण्यात बाईमाणूस लागलं की मला बोलवायचे. पोरगी रांगती, घरी सांभाळायला कोणी नाय, म्हणून ड्युटीवर संगं न्यायची.

केस दगडाची होती. एका मळ्यात विहिरीचं खोदकाम चाललेलं. काळ्या खडकात पोकळी लागली, तिच्यात मुठीएवढा पांढरा दगड, खडीसाखरेसारखा. त्याच्याजवळ आवाज मरायचा. घण पडलेला दिसायचा, ऐकू यायचा नाय. असा दगड बापजन्मात कोणी बघितला नव्हता. मळेवाल्याकडं लगेच गिऱ्हाईक आलं गाडी घेऊन, आणि सौद्याआधीच दगड गायब. मळेवाल्यानं फिर्याद दिली.

खबर चहावाल्यानं दिली. "साहेब, विहिरीवर राबती ना ती बाई, तिच्या पालात बघा. तिची शेळी तोंड वासती पण ओरडत नाय."

"आता शेळीचा जबाब घेऊ का?" साहेब हसले. हसले, पण गाडी काढली. चांगला पोलीस हसतो, पण खबर टाकून देत नाय, हे मी तिथं बघितलं.

पालाची झडती झाली. डबे, चूल, गोधड्या, सगळं. बाईची अंगझडती मी घेतली. काय नाय. स्टेशन डायरीला नोंद करून तिला ठाण्यात आणलं, तान्हं पोर संगं. तिनं व्हरांड्यात झोळी बांधली. मला म्हणाली, "ताई, तुझीपण पेंगुळलीय, ठेव हितंच. गुमान झोपतील दोघं." ठेवताना माझे कान दडपल्यागत झाले. म्हटलं, सर्दी असंल.

साहेबांनी तिला खुर्ची दिली, चहा दिला. "दगड कुठाय बाई?"

"साहेब, आमच्याकडं दगडाशिवाय हाय काय? कुठला पाहिजे?"

शिपाई फिसकन हसला. साहेब म्हणाले, "जीभ लय चालती तुझी."

"चालू द्या की. दुसरं काय चालतंय आमचं?"

तिला सोडायचंच ठरत होतं, तेवढ्यात झोळी हलली.

पोरीला खांद्याशी धरून मी परत झोळीपाशी गेले. त्या बाईचं पोर अजून गाढ झोपेत. डोक्याखाली राईची उशी, डोकं गोल व्हावं म्हणून आपण सगळ्याच ठेवतो. झडतीत त्या उशीला कोणी हात लावला नव्हता. तान्ह्याच्या डोक्याखालची उशी कोण ओढणार? मी ओढली. जड लागली. शिवण उसवली, राई फरशीवर सांडली, एक दाणा वाजला नाय. मधी तो दगड.

ती बाई माझ्या मागं आलेली. हात जोडलेले, ओठ हलत होते. मी तिला दंडाला धरून अंगणात ओढलं, तेव्हा शब्द आले.

"...विकायला नाय गं घेतला! विहिरीत सुरुंग उडला की पोरगं आखडतं, डोळे फिरवतं, काळंनिळं पडतं. ह्या दगडापाशी तेवढं झोपतं."

"माझी मेली असती!"

"हां," ती म्हणाली. मान खाली. "माझं रोज मरतंय, ताई."

आतून साहेबांनी विचारलं, "काय झालं? पोरगी पडली का?" दगड व्हरांड्यात पडलेला. आम्हा दोघींशिवाय कोणाला माहीत नाय.

मी सांगितलं. अंगावर वर्दी होती, आणि पोरीच्या गळ्यावर लाल वळ होता.

पंचनामा झाला, दगड मुद्देमालात जमा. साहेबांनी जबाबात पोराचं दुखणं लिहून घेतलं, तिला जामीन मिळाला. पुढं दगड मळेवाल्याला परत मिळाला आणि गिऱ्हाईकाच्या गाडीतून गेला. ती बाई दुसऱ्या विहिरीवर गेली म्हणतात, पोराला घेऊन.

आम्ही सगळे तिला विचारत होतो, दगड कुठाय. कशाला घेतलास, हे कोणी विचारलंच नाय. तेवढं ह्या केसनं मला शिकवलं.

नोकरी मी सोडली. पोरीच्या पायात घुंगरू बांधलेत, ते वाजले नाय की मी उठून बघते. शिवारात कुठं सुरुंग उडला की ती टाळ्या वाजवती. मला मात्र ते दुसरं पोर दिसतं.

तुम्हीच सांगा. तुमच्या लेकराच्या गळ्यावर तो वळ, समोर ती हात जोडून, आणि आतून साहेब विचारतायत, काय झालं. तुम्ही काय बोलला असता?