जर्मन कोचची जीभ

लतीफ सोलकरला राग लवकर यायचा, पण तो गिळायची सवय त्याला बहरीनच्या मनामा शहरातल्या बाजारानं लावली होती. मिसरूड फुटायच्या आधी तो जैतापूरहून मामाच्या कापडदुकानात आला होता. गिऱ्हाईक कितीही टाकून बोललं तरी आपण ठाण उलगडत राहायचं, हे मामानं त्याला पहिल्याच आठवड्यात शिकवलं. त्या दुकानातच त्याला अरबी आली. ती पुस्तकातली नव्हती. जुन्या मोतीवाल्यांच्या बायका घासाघीस करताना बोलायच्या ती. इंग्रजी त्यानं संध्याकाळच्या वर्गात मिळवली. म्हणून १९७६ साली देशाच्या फुटबॉल संघाला जर्मन कोच आला आणि त्याचं बोलणं खेळाडूंना समजावणारा माणूस हवा झाला, तेव्हा एका जुन्या गिऱ्हाइकानं लतीफचं नाव सुचवलं.

कोचचं नाव डीटर क्रोलमान. उंच, लालबुंद, उजव्या पायानं किंचित ओढत चालणारा. त्याची इंग्रजी मोडकी होती आणि अरबी अजिबात नव्हती. पहिल्याच सरावात त्यानं मैदानाच्या मधोमध उभं राहून ओरडायला सुरुवात केली.

“सांग यांना, हे गाभण उंटांसारखे धावतात!”

बावीस तरुण लतीफच्या तोंडाकडे बघत होते. लतीफ म्हणाला, “कोचसाहेब म्हणतात, अजून थोडा वेग हवा.”

मागून कुणीतरी बोललं, “त्या टोमॅटोला सांग, एवढ्या उन्हात आधी स्वतः धावून दाखव.”

“ते म्हणतात, प्रयत्न करतो,” लतीफनं इंग्रजीत सांगितलं.

त्या दिवसापासून हेच सुरू झालं. इकडची शिवी लतीफच्या पोटात आणि तिकडचीही त्याच्याच पोटात. दोघांच्या मधे तो नसता तर आठवड्याभरात डोकी फुटली असती. पण गिळलेलं कुठं जातं? घरी आला की भांडं जरा वाजलं तरी तो खेकसायचा. मनामाच्या हूरा वस्तीतल्या दोन खोल्यांत त्याची बायको आबिदा दोन लहान मुलींना घेऊन राहायची. एकदा ती म्हणाली, “जर्मनाच्या शिव्या तुमी आमच्यासाठी जपून आणता होय? तिथंच टाकून या की.”

कोच माहूज भागात एका फ्लॅटमध्ये एकटाच राहायचा. त्याला गाडीतून मैदानावर न्यायचं-आणायचं कामही लतीफकडेच आलं. त्या फेऱ्यांमध्ये कोचची कहाणी त्याला तुकड्या-तुकड्यांनी कळली. कोळशाच्या खाणींचं गाव. बाप आणि दोघे भाऊ खाणीत. हा एकटा पायांच्या जोरावर जमिनीच्या वर राहिला. बचावफळीत खेळायचा, आणि इतका चांगला की जर्मनीच्या संघाच्या शिबिराला त्याला बोलावणं आलं. त्याच सुमारास त्याचा गुडघा दुखावला. क्लबच्या कोचनं सांगितलं, डॉक्टर म्हणतो काही नाही झालेलं. सुई टोचली, मैदानात ढकललं, आणि सामना संपायच्या आत गुडघा कायमचा गेला.

“खोटं बोलला तो माझ्याशी,” कोच दर वेळी म्हणायचा आणि गाडीच्या दारावर मूठ आपटायचा. “मी तेवीस वर्षांचा होतो. सामना त्याला जिंकायचा होता, गुडघा माझा होता.”

मग कोचिंगचा दाखला मिळवून तो जगभर हिंडला. सुदान, ब्रह्मदेश, झांबिया. कुठंच दोन-तीन वर्षांपेक्षा जास्त टिकला नाही. जिंकला की राजवाड्यात जेवण, हरला की विमानाचं तिकीट. बायको कधीच सोडून गेली होती. हा माणूस उद्धट आहे, पण फसवलेला आहे, असं लतीफला वाटायचं, आणि त्या एका गोष्टीसाठी तो त्याचं बाकी सगळं पोटात घालायचा.

संघात जासिम नावाचा मआमीर गावचा मुलगा होता. तेलाच्या कारखान्यात पाळी करून सरावाला यायचा. डाव्या बाजूनं तो बॉल घेऊन निघाला की मआमीरची माणसं टाळ्या वाजवायचंही विसरायची. १९७८ साली शेजारच्या देशाशी सामना ठरला. आदल्या आठवड्यात सरावात जासिमचा गुडघा मुरगळला. डॉक्टरकडे कोच आणि लतीफ दोघंही त्याच्याबरोबर गेले. जासिमला बाहेर बसवून डॉक्टरनं इंग्रजीत स्पष्ट सांगितलं, “याला पळू देऊ नका. पळाला तर गुडघा पुन्हा जागेवर येणार नाही.” कोचनं मान डोलावली. त्याच्या डोळ्यांत पाणी आलेलं लतीफनं पाहिलं. परत येताना त्यानं जासिमच्या खांद्यावर हात ठेवला आणि लतीफला त्याला एवढंच सांगायला लावलं की सामन्याच्या दिवशी बघू.

सामन्याच्या दिवशी ड्रेसिंग रूममध्ये सगळा संघ बसला होता. बाहेर लोकांचा आवाज चढत होता. हा सामना गेला तर कोचची नोकरी जाणार, हे सगळ्यांना ठाऊक होतं. कोच आत आला. त्याच्या हातात सुई होती.

“लतीफ, त्याला सांग. डॉक्टर म्हणाला, ठीक आहे. एक इंजेक्शन आणि खेळ.”

लतीफला आधी वाटलं, आपण चुकीचं ऐकलं. “काय सांगू?”

“ऐकलंस ना? डॉक्टर म्हणाला ठीक आहे. यल्ला, चल, सांग.”

दोन वर्षं गिळलेलं सगळं एकदम लतीफच्या घशाशी आलं. इंग्रजीत तू आणि तुम्ही एकच, पण त्या क्षणी लतीफच्या मनात कोचसाहेब ‘तू’ झाला.

“तू?” तो म्हणाला. “दुसरा कुणी असता तर समजलो असतो. तू सांगतोस हे?”

“तू माझी जीभ आहेस. जीभ विचार करत नाही!”

लतीफ वळला आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात अरबीत म्हणाला, “जासिम, हा खोटं बोलतोय. डॉक्टर म्हणाला, खेळलास तर गुडघा जाईल. मी तिथं होतो. या माणसाचा स्वतःचा गुडघा असाच गेला, आणि आता नोकरीसाठी तो तुझा विकायला निघालाय. खेळायचं तर खेळ, पण माझ्या तोंडून खोटं ऐकून नको.”

कोचला शब्द कळले नाहीत, पण चेहरे कळले. त्यानं लतीफची कॉलर धरली, लतीफनं त्याचा हात झटकला, सुई फरशीवर पडली. जासिम एकदा सोबत्यांकडे, एकदा कोचकडे बघत राहिला. मग खाली वाकून त्यानं बुटाची नाडी सोडली. एकेक बूट काढून बाजूला ठेवला आणि भिंतीकडे तोंड करून बसला.

संघ सामना हरला. कोचनं फुटबॉल संघटनेच्या कचेरीत सांगितलं की दुभाष्यानं संघ फोडला. कुणीही लतीफला विचारलं नाही. उद्यापासून येऊ नका, एवढाच निरोप आला. कोचलाही महिन्याभरात तिकीट मिळालं. लतीफ पुन्हा कापडाच्या दुकानात बसला आणि पुढं हूऱ्यात त्यानं स्वतःचं दुकान थाटलं. नोकरी गेल्याचं दुःख त्याला फारसं नव्हतं. उलट तो राग त्यानं एखाद्या बिल्ल्यासारखा छातीवर मिरवला. दुकानात कोकणातली माणसं चहाला जमली की तो रंगून सांगायचा, “एका पोराचा पाय मी वाचवला. जर्मनाच्या तोंडावर बोललो, हां!”

जासिमला भेटायला मात्र तो कधी गेला नाही. पोरगा आपले उपकार स्मरत असेल, याबद्दल त्याला शंकाच नव्हती.

१९८५ साली एका आफ्रिकी देशाचा संघ मैत्रीच्या सामन्यासाठी बहरीनला आला. दुसऱ्या दिवशी दुपारी लतीफच्या दुकानाच्या दारात क्रोलमान उभा राहिला. केस गेलेले, पाय पूर्वीपेक्षा जास्त ओढणारा. तोच त्या संघाचा कोच होता.

“मिस्टर लतीफ, तुम्हाला शोधायला फार वेळ लागला.”

“शोधायचं काही कारण नव्हतं,” लतीफ म्हणाला आणि बसा म्हणाला नाही.

“मला तो जासिम बघायचाय. त्याला चालताना बघायचंय.”

“आज? सात वर्षांनी?”

ठाणांकडे बघत क्रोलमान म्हणाला, “माझ्या आत्ताच्या संघात एक मुलगा होता. गेल्या वर्षी तसाच गुडघा, तशीच मोठी मॅच. तिथल्या दुभाष्याला मी जे सांगितलं ते त्यानं मुकाट सांगितलं. तो मुलगा आता कुबडी घेऊन चालतो.”

लतीफच्या हातातली कात्री टेबलावर आदळली. “पुन्हा? तू पुन्हा तेच केलंस? आणि आता धडधाकट माणूस बघून मन हलकं करायला आलास?”

“हो,” क्रोलमान म्हणाला.

त्या सरळ ‘हो’नं लतीफ आणखीच भडकला. त्यानं दुकानाचं शटर खाली ओढलं. “चल. नेतो तुला. पण ऐक, आज मी एकाही शब्दाला साखर लावणार नाही. तो जे बोलेल ते जसंच्या तसं तुझ्या कानात घालीन.”

मआमीरला पोचले तेव्हा हवेत कारखान्यांचा धुरकट वास होता. जासिम पाळीवरून नुकताच परतला होता. गल्लीच्या टोकाकडून तो येताना दिसला. भरलेल्या अंगाचा, झपाझप चालणारा. क्रोलमान त्याच्या पायांकडे बघत राहिला. जासिमनं दोघांना ओळखलं आणि दारातच थांबला. त्यानं आत या म्हटलं नाही. मआमीरमध्ये दारात आलेल्याला कॉफीसुद्धा न विचारणं म्हणजे केवढा अपमान, हे लतीफला चांगलं ठाऊक होतं.

“मी माफी मागायला आलोय,” क्रोलमान म्हणाला. लतीफनं ते अरबीत सांगितलं.

जासिम बोलायला लागला. आधी हळू, मग गल्लीत खिडक्या उघडाव्यात इतक्या जोरात. लतीफ वाक्यामागून वाक्य इंग्रजीत देत गेला. “तो म्हणतो, तू गाढव आहेस. म्हणतो, गाढव तरी ओझं स्वतःच्या पाठीवर वाहतं, तू दुसऱ्याच्या गुडघ्यावर लादतोस. म्हणतो, तुझी माफी समुद्रात टाक, मासेसुद्धा खाणार नाहीत.” बऱ्याच वर्षांत लतीफला इतकं बरं वाटलं नव्हतं. क्रोलमान मान खाली घालून ऐकत होता.

मग जासिम वळला. आता तो लतीफशी बोलत होता.

“आणि तू! तू माझ्या कानात सांगू शकला असतास. बाहेर नेऊन सांगू शकला असतास. सगळ्यांसमोर ओरडलास. खेळलो असतो तर मूर्ख ठरलो असतो, न खेळलो म्हणून भित्रा ठरलो. गावातली पोरं अजून मला ‘अबू रुकबा’ म्हणतात, गुडघेवाला. मला पुन्हा कुणी संघात घेतलं नाही. तुला त्या जर्मनाला बडवायचं होतं, आणि हातात काठी म्हणून माझा गुडघा सापडला. माझी काळजी होती ना तुला? मग सात वर्षांत एकदा तरी आलास?”

उलटून बोलायला लतीफच्या तोंडात दहा गोष्टी आल्या. माझी नोकरी गेली, मी खरं बोललो, तुझा पाय शाबूत आहे तो कुणामुळे? एकही बाहेर पडली नाही.

“काय म्हणतोय तो?” क्रोलमाननं विचारलं.

‘कोचसाहेब, तो म्हणतो आभारी आहे,’ असं सांगितलं असतं तर इथं कुणालाच कळलं नसतं. पण त्यानं खरं तेच इंग्रजीत सांगायला सुरुवात केली. कानात सांगता आलं असतं, ते सांगितलं. गुडघेवाला, तेही सांगितलं. काठीचं वाक्य सांगताना त्याचा आवाज चिरकला, पण ते गाळलं नाही. “आणि तो म्हणतो,” तो शेवटी म्हणाला, “सात वर्षांत मी एकदाही आलो नाही. हे खरं आहे.”

जासिमला इंग्रजी थोडी येत होती, कारखान्यातली. त्यानं लतीफकडे वेगळ्या नजरेनं पाहिलं. पण बोलला एवढंच, “खलास. जा आता.” आणि दार लावून घेतलं.

लतीफनं क्रोलमानला गाडीतून परत आणलं. क्रोलमान हॉटेलपाशी उतरला, काही म्हणायला वळला, पण लतीफनं गिअर टाकला होता. नंतर तो कुठल्या देशात गेला ते लतीफला कळलं नाही, आणि त्यानं विचारलंही नाही. त्या माणसावरचा त्याचा राग तसाच राहिला, आणि तो का जावा, हे त्याला कधीच कळलं नाही.

घरी त्यानं आबिदाला सगळं सांगितलं. ऐकता ऐकता तिनं त्याला वाढलं. मग म्हणाली, “बरोबर बोलला तो पोरगा.” लतीफ जेवणावरून उठला आणि दोन दिवस तिच्याशी बोलला नाही. दुकानात कुणी ती जुनी गोष्ट सांगायला सांगितली की आता तो कापड मोजायला लागायचा.

पुढच्या जुम्याला तो एकटाच मआमीरला गेला. जासिमनं दार उघडलं. याही वेळी आत बोलावलं नाही. दारातच उभं राहून दोघं तासभर तावातावानं भांडले, त्या सामन्यावरून, त्या सुईवरून, कोण काय म्हणालं त्यावरून. निघताना लतीफ म्हणाला, “पुढच्या जुम्याला येतो.”

“ये,” जासिम म्हणाला. “मला अजून पुष्कळ बोलायचंय.”