लाल शर्ट आला नाही ना?

बहरीनमधल्या माहूजला आमच्या इमारतीखाली रत्नागिरीच्या एका चाचांची लाँड्री होती. डाग दिसला की चाचा चिडायचे. माझ्या शर्टावरची हळद बघून म्हणायचे, "जेवता की माखून घेता?" आणि दुसऱ्या दिवशी शर्ट लख्ख करून द्यायचे.

वरच्या मजल्यावरच्या अमेरिकनाचं एक खूळ होतं. मॅचच्या दिवशी तो आपल्या जुन्या कॉलेजच्या फुटबॉल टीमचा लाल शर्ट घालायचा आणि टीम जिंकत असेपर्यंत तो धुवायला टाकत नसे. "बॉल हातात घेऊन पळतात, नि म्हणे फुटबॉल!" म्हणून हसणारे चाचा त्या मोसमात हळूहळू त्या टीमचेच झाले. दर रविवारी त्याच्या कपड्यांच्या गाठोड्यात आधी लाल रंग शोधायचे. "शर्ट नाय आला. पोरं जिंकली!" कपडा धुवायला येऊ नये म्हणून दुआ मागणारा लाँड्रीवाला मी दुसरा पाहिला नाही.

शेवटच्या मॅचनंतर तो स्वतःच शर्ट घेऊन आला.

"खलास?" चाचांनी विचारलं.

"खलास."

चाचांनी शर्ट मशीनमध्ये टाकला नाही, हाताने धुतला. इस्त्रीच्या वेळी मला छातीवर कॉफीचा डाग दिसला. पहिली मॅच जिंकल्यावर उडी मारताना सांडलेली ती कॉफी अख्ख्या इमारतीला ठाऊक होती.

"चाचा, डाग राहिला की!"

"राहिला नाय, ठेवलाय," डागाच्या कडेकडेने इस्त्री फिरवत ते म्हणाले. "हरले तेवढं धुतलंय. जिंकलेलं कशाला धुवू?"