एक जूनची तारीख

मुलांनो, तुम्ही बाळाचा जन्मदाखला पाठवलात, त्यावर जन्माची मिनिटंसुद्धा आहेत. ते वाचून मला एक बाई आठवली.

मी मढच्या शाळेत मुख्याध्यापिका असताना ती चपला दाराबाहेर काढून आत आली. आळेफाट्याच्या मारामारीत तिच्या मुलाला पकडलं होतं. त्या दिवशी तो अठरा वर्षांच्या आत होता असं ठरलं, तरच त्याचा तुरुंग टळणार होता.

मी शाळेचं रजिस्टर उघडलं. माझ्याच अक्षरात एक जून होता. त्याप्रमाणे त्याला अठरा पूर्ण होऊन दोन महिने झाले होते.

"त्या सालच्या दिवाळीतला हाय त्यो. वसुबारसेचा," ती म्हणाली. मग माझ्या अक्षरांवरून तिने हलकेच बोट फिरवलं. "पर बाई, तुमी लिवलंय. मी नुसती आई."

जन्माचा कागद नसला की आम्ही सरसकट एक जून लिहायचो. आईला विचारायची रीत नव्हती. कोर्टात मी शपथेवर सांगितलं की ती तारीख अशीच लिहिलेली आहे, तिचं बाळंतपण केलेल्या सुईणीनेही वसुबारसच सांगितली, आणि मुलगा बाल न्याय मंडळाकडे गेला.

ते रजिस्टर अजून शाळेच्या कपाटात आहे. त्यात त्याच्या नावापुढे एक जूनच आहे.